कन्याकुमारीची बोट : तिकीट खडकाचं, पण जावं नावासाठी

कन्याकुमारीला आलेला मराठी प्रवासी साधारण तीन गोष्टी उरकतो. पहाटे सूर्योदय, मग बोटीने विवेकानंद शिलास्मारक, आणि जेवून लगेच रामेश्वर किंवा तिरुवनंतपुरमचा रस्ता. टूरच्या वेळापत्रकात तेवढंच बसतं. हा आढावा त्यातल्या मधल्या गोष्टीचा आहे: तमिळनाडू सरकारची पूम्पुहार शिपिंग कॉर्पोरेशन चालवते ती बोटसेवा, आणि ती जिथे नेऊन सोडते ते दोन खडक. मत आधीच सांगून टाकतो. बोट स्वस्त आहे, समुद्रातलं अंतर जेमतेम अर्ध्या किलोमीटरचं, सेवा साधी आणि विश्वासाची. त्रास आहे तो रांगेचा आणि समुद्राच्या लहरीचा. पण खरी चूक प्रवाशाकडूनच होते, ती क्रमाची. लोक आधी बोटीत बसतात आणि वेळ उरला तर देवळात जातात. या भूशिराचं नाव कशावरून पडलं ते कळलं की हा क्रम उलटा का करायला हवा ते आपोआप कळतं. म्हणून तिकिटाच्या आधी नाव.

नाव देवीचं

बाणासुराला वर मिळालेला होता की त्याचा मृत्यू फक्त कुमारिकेच्या हातून होईल. म्हणून देवी इथे कुमारी रूपात राहिली. शुचींद्रमच्या शिवाशी तिचं लग्न ठरलं, मुहूर्त रात्रीचा, पहाट होण्याच्या आतला. लग्न झालं तर बाणासुर मरणार नाही हे ओळखून नारदाने वाटेतच कोंबड्याची बांग दिली. मुहूर्त टळला असं समजून वरपक्ष माघारी फिरला. लग्नासाठी आणलेलं धान्य किनाऱ्यावर तसंच पडून राहिलं आणि देवी कायमची कुमारी राहिली. शुचींद्रमचं मोठं देऊळ इथून बारा-तेरा किलोमीटरवर, नागरकोईलच्या रस्त्यालाच आहे. कथेतली दोन्ही टोकं एका दिवसात पाहता येतात. जमल्यास पाहावीत.

कथा आपल्याकडे प्रत्येक तीर्थाला असते. इथली वेगळी आहे ती तिच्या वयामुळे. इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या एका ग्रीक व्यापाऱ्याने तांबड्या समुद्रापासून भारतापर्यंतच्या बंदरांची माहिती लिहून ठेवली आहे, 'एरिथ्रियन समुद्राचा पेरिप्लस' म्हणून. त्यात कुठे मिरी मिळते, कुठे मोती, कुठल्या नदीच्या मुखाशी वाळूचा दांडा आहे, असल्याच नोंदी. आपल्याकडचं कल्याण आणि चौलही त्यात येतं. त्या व्यापारी यादीत अचानक 'कोमारी' नावाचं भूशिर आणि बंदर येतं आणि लिहिणारा मालाचा विषय सोडून सांगतो, की उरलेलं आयुष्य व्रतस्थ घालवू पाहणारे पुरुष इथे येतात, स्नान करतात, ब्रह्मचर्याने राहतात; बायकाही तसंच करतात; कारण इथे पूर्वी एक देवी राहत होती आणि स्नान करत होती असं सांगतात. जवळजवळ दोन हजार वर्षांपूर्वीची ही नोंद. देवी, कौमार्य, समुद्रस्नान हे तिन्ही धागे तेव्हापासून आजवर तुटलेले नाहीत. पुढच्या शतकात टॉलेमी या ग्रीक पंडिताने आपल्या भूगोलात हेच भूशिर नोंदवलं. महाभारताच्या वनपर्वात तीर्थांची यादी सांगताना समुद्रकाठच्या कन्यातीर्थावर स्नान करावं असं येतं. तमिळ लोकांनी तर हे नाव आपल्या भाषेची हद्द सांगायला वापरलं: तोल्काप्पियम या प्राचीन व्याकरणाच्या प्रस्तावनेत तमिळ बोलणाऱ्या जगाच्या सीमा दिल्या आहेत, उत्तरेला वेंगडम् म्हणजे तिरुपतीचा डोंगर आणि दक्षिणेला कुमरी.

नाव मुळात एकच शब्द होतं, कुमारी. 'कन्या' आणि 'कुमारी' दोन्हींचा अर्थ एकच. तमिळमध्ये आज अधिकृत रूप 'कन्नियाकुमरी' आहे, फलकांवर तेच दिसेल.

मग 'केप कॉमोरिन' कुठून आलं? इंग्रजांनी कुमारीचा अपभ्रंश केला असं सर्रास सांगितलं जातं, ते अर्धंच खरं. इंग्रजांनी हे नाव पोर्तुगीजांकडून आयतं घेतलं. पोर्तुगीज या भूशिराला 'काबो दी कोमोरीं' म्हणत. शेवटचा 'म्' लिहायचा आणि नाकात उच्चारायचा, ही त्यांची सवय आपल्याला कोकणपट्टीत चांगली ठाऊक आहे. वसईचं त्यांनी 'बासाईं' केलं, मुंबईचं 'बोंबाईं', कोचीचं 'कोचीं'. त्याच चालीने कुमारीचं 'कोमोरीं'. इंग्रजांनी वसईचं पुढे बॅसीन केलं, कोमोरींचं कॉमोरिन. एकदा हे लक्षात आलं की नकाशावरची अशी कितीतरी नावं उलगडतात.

१ नोव्हेंबर १९५६ ला राज्यांची पुनर्रचना झाली तेव्हा त्रावणकोर-कोचीनमधले चार दक्षिणेकडचे तालुके मद्रास राज्यात आले आणि नव्या जिल्ह्याला कन्याकुमारी नाव मिळालं. जुनं नाव मात्र एका ठिकाणी अजून टिकून आहे. रेल्वेचं तिकीट काढताना या स्थानकाचा कोड बघा: सी-ए-पी-ई, म्हणजे केप. शोधताना 'के' ने सुरू होणारा कोड टाकून पाहणारे हमखास अडकतात.

तीन समुद्र, आणि नकाशा काय म्हणतो

बंगालचा उपसागर, अरबी समुद्र आणि हिंदी महासागर इथे भेटतात असं आपण शाळेपासून शिकलो. संगमावर स्नान करणाऱ्याच्या दृष्टीने ते खरंच आहे: पूर्वेचं पाणी, पश्चिमेचं पाणी आणि समोरचं अथांग. पण आंतरराष्ट्रीय जलसर्वेक्षण संघटनेने १९५३ मध्ये समुद्रांच्या ज्या हद्दी आखून दिल्या, त्यांनुसार बंगालच्या उपसागराची हद्द रामसेतूपाशी थांबते. तिथून इकडे येईपर्यंत मन्नारचं आखात लागतं, आणि कन्याकुमारीच्या समोर व पश्चिमेला आहे तो लक्षद्वीप समुद्र. या लक्षद्वीप समुद्राची पश्चिमेकडची रेषा भारताच्या किनाऱ्याला कुठे टेकते? कारवारजवळच्या सदाशिवगडाच्या दीपस्तंभाशी. म्हणजे गोव्याहून खाली उतरताना काळी नदी ओलांडली की नकाशाच्या हिशेबात तुम्ही कन्याकुमारीच्याच समुद्राच्या काठाने चाललेले असता.

त्यामुळे 'तीन रंगांचं पाणी दाखवतो' म्हणणाऱ्या माणसाच्या मागे जाऊ नका. पाण्याचा रंग दिसतो तो खोलीमुळे, तळच्या खडकामुळे, गाळामुळे आणि ढगांच्या सावलीमुळे. हद्दीची रेष पाण्यावर उमटत नाही. वाळूचे रंग मात्र अस्सल आहेत. कथेत ते देवीच्या लग्नातलं वाया गेलेलं धान्य; खनिजशास्त्रात काळी वाळू इल्मेनाइटची, तांबडी गार्नेटची, मधासारखी पिवळसर मोनाझाइटची. मोनाझाइटमध्ये थोरियम असतं, आणि याच किनाऱ्यावर मणवाळकुरिची इथे केंद्र सरकारच्या कंपनीचा ही खनिजं वेगळी करण्याचा कारखाना आहे. दुकानात पुड्यांमधून विकतात ती झगझगीत निळी-हिरवी वाळू रंगवलेली असते. खरी वाळू पाहायची तर भरती उतरताना ओल्या किनाऱ्यावर बघा, जड काळे कण लाटेमागे पट्ट्यापट्ट्यांनी उरतात.

आणखी एक गैरसमज. हे भारताचं दक्षिण टोक नाही, भारताच्या मुख्य भूमीचं दक्षिण टोक आहे, आठ अंशांच्या किंचित वर. देशाचं टोक म्हणजे ग्रेट निकोबारवरचा इंदिरा पॉइंट.

देऊळ आधी

भगवती कुमारी अम्मनचं देऊळ बोटीच्या धक्क्यापासून चालत काही मिनिटांवर आहे. दर्शनाची वेळ ढोबळमानाने पहाटे साडेचार ते दुपारी साडेबारा आणि संध्याकाळी चार ते आठ. दुपारी बंद असतं, आणि नेमके त्याच वेळी बोटीतून परतलेले लोक दाराशी येऊन माघारी जातात. पुरुषांना अंगातला सदरा आणि बनियन दोन्ही काढावं लागतं. कॅमेरा, मोबाइल आत चालत नाही. प्रवेश उत्तरेच्या दाराने. समुद्राकडचं पूर्वेचं दार वर्षातले ठरावीक सणाचे दिवस सोडले तर बंदच असतं. त्याची कथा अशी, की देवीच्या नथीतल्या खड्याची चमक पाहून खलाशांना तो दीपस्तंभ वाटायचा आणि जहाजं खडकांवर येऊन आदळायची. कथा म्हणून ऐकायचं की नाही ते तुमच्यावर; पण या किनाऱ्यासमोर पाण्याखाली खडक भरपूर आहेत, आणि बोटीचं सगळं वेळापत्रक त्याच खडकांवर अवलंबून आहे.

आमचा सल्ला: पोचलात त्या संध्याकाळी चार ते सहाच्या दरम्यान देऊळ, तिथून समुद्राकाठचा कुमारी घाट, आणि मग सूर्यास्त. दुसऱ्या दिवशी सकाळी बोट. मूर्तीच्या हातात जपमाळ आहे, तपाला उभी राहिलेली कन्या. ती मूर्ती डोळ्यांत ठेवून दुसऱ्या दिवशी खडकावर गेलात की तिथे काय पाहायचं ते कुणी सांगावं लागत नाही.

बोट

बोटी सकाळी आठ ते दुपारी चार या वेळेत सुटतात. साधं तिकीट शंभर रुपयांच्या आत-बाहेर, विशेष रांगेचं तीनशेच्या आसपास. जाऊन-येऊन दोन्ही त्यात आलं. खडकावर उतरल्यावर स्मारकाचं वेगळं तिकीट असतं, अगदी किरकोळ, पण सुटे पैसे जवळ हवेत. पाण्यावरचा प्रवास पाच-दहा मिनिटांचा. लाइफ जॅकेट घालावंच लागतं. आधीच्या फेरीतल्यांनी काढलेलं जाकीट लगेच पुढच्यांना मिळतं, त्यामुळे ते घामट असतं. आत सुती कपडा असला तर बरं पडतं. नाड्या नीट बांधा, नुसतं गळ्यात अडकवू नका. लहान मुलांना मोठ्यांच्या मापाचं जाकीट सैल होतं, मुलाच्या पायांमधून जाणारा पट्टा असेल तर तो बांधूनच घ्या.

रांगेचं गणित साधं आहे. शनिवार, रविवार आणि सुट्ट्या सोडून कुठल्याही दिवशी सकाळी साडेसातला रांगेत उभं राहिलात तर पहिल्या दोन-तीन फेऱ्यांमध्ये नंबर लागतो. नऊनंतर टूरच्या बसगाड्या रिकाम्या होतात आणि रांग दोन तासांवर जाऊ शकते. मधल्या नोव्हेंबरपासून मधल्या जानेवारीपर्यंत शबरीमलैचे यात्रेकरू काळ्या वस्त्रांत हजारोंनी येतात. त्यातच नाताळ आणि पोंगल. या दोन महिन्यांत विशेष रांगेचं तिकीट वसूल होतं, एरवी सकाळी लवकर गेलात तर त्याची गरज नाही. ज्येष्ठ माणसं बरोबर असतील तर मात्र कुठल्याही महिन्यात पैशांकडे बघू नका, कारण खरा शीण बोटीत नाही, उभं राहण्यात आहे. उत्तम काळ फेब्रुवारी: गर्दी ओसरलेली, समुद्र शांत, आकाश स्वच्छ. या जिल्ह्याला दोन्ही पावसाळे लागतात, जून-जुलैचा नैऋत्य आणि ऑक्टोबर-नोव्हेंबरचा ईशान्य, हे आपल्याकडचा पाऊस मनात धरून आखणी करणारे विसरतात.

बोट बंद का होते, हे नीट समजून घ्या, कारण लोकांचा सगळ्यात जास्त संताप इथेच होतो. पहिलं कारण वारा. तो डोळ्यांना दिसतो, तक्रार होत नाही. दुसरं कारण ओहोटी: पाणी खाली गेलं की बोटीचा तळ खडकाला लागण्याची भीती, विशेषतः शेजारच्या, तिरुवळ्ळुवर या प्राचीन तमिळ कवीच्या पुतळ्याच्या खडकापाशी. तिसरं सगळ्यात फसवं. आकाश निळं, वारा पडलेला, आणि तरी धक्क्यावर फलक लागतो की सेवा स्थगित. त्याला या किनाऱ्यावर 'कळ्ळक्कडल' म्हणतात. कळ्ळन म्हणजे चोर, कडल म्हणजे समुद्र. चोरपावलांनी येणारा समुद्र. हजारो किलोमीटर दूर, दक्षिण महासागरात वादळ होतं, तिथल्या लांब लाटा दोन-तीन दिवसांनी इथे पोचतात. वारा नाही, पाऊस नाही, पण लाट येते ती किनाऱ्यावर आत घुसते. बोट धक्क्याला लावताना अशी लाट आली तर बोट आणि धक्का यांच्यामध्ये माणूस चिरडेल. हैदराबादची इनकॉइस ही संस्था याचे इशारे आधी देते. निघण्याच्या आदल्या दिवशी तिच्या संकेतस्थळावर कन्याकुमारी जिल्ह्याची लाटांची सूचना पाहून घ्या. मे २०२४ मध्ये याच जिल्ह्यातल्या लेमूर किनाऱ्यावर अशाच लाटांमध्ये वैद्यकीय शिक्षण घेणारी पाच मुलं गेली. तेव्हा फलक लागला असेल तर तिकीट खिडकीवर वाद घालू नका, आणि 'मी नेतो' म्हणणाऱ्या खासगी होडीत तर अजिबात बसू नका. स्नान करायचं ते देवळाजवळच्या बांधीव घाटावर, लाटा अडवणाऱ्या खडकांच्या आत. बाहेरच्या खडकांवर चढून फोटो काढायचे नाहीत; शेवाळ दिसत नाही, पाय मात्र जातो.

२६ डिसेंबर २००४ च्या त्सुनामीत स्मारकाच्या खडकावर पर्यटक अडकले होते. पाणी एकाएकी विलक्षण मागे हटलं तर ते बघायला पुढे जायचं नाही, उंच जागी जायचं, एवढं घरातल्या मुलांना इथे येण्याआधी सांगून ठेवावं.

खडकावर

बोट विवेकानंद खडकाला लागते. उतरल्यावर सगळे डावी-उजवी न पाहता मोठ्या विवेकानंद मंडपाकडे धावतात. तसं करू नका. समोरच्या लहान श्रीपाद मंडपात आधी जा. या खडकाचं जुनं नाव श्रीपाद पारै. पारै म्हणजे खडक. देवी इथे एका पायावर तपाला उभी होती अशी श्रद्धा, आणि खडकावर पावलाच्या आकाराचा तांबूस उंचवटा आहे तोच श्रीपाद. काल देवळात पाहिलेली जपमाळ घेतलेली कन्या इथे तप करत होती. नाव, मूर्ती, खडक यांची साखळी इथे जुळते. म्हणून तर आधी देऊळ म्हटलं.

डिसेंबर १८९२ मध्ये विवेकानंद परिव्राजक म्हणून इथे आले तेही आधी देवळातच गेले, मग पोहत खडकावर आले आणि ध्यानाला बसले. नंतर गुरुबंधूंना लिहिलेल्या पत्रात कुमारी मातेचं मंदिर आणि भारताचा शेवटचा खडक हे दोन्ही उल्लेख एका दमात येतात. विवेकानंदांच्या जन्मशताब्दीच्या सुमाराला, १९६२-६३ मध्ये, या खडकाला कुणाचं नाव यावरून मोठा वाद झाला. सोळाव्या शतकात या किनाऱ्यावरच्या मच्छीमारांमध्ये सेंट फ्रान्सिस झेवियर यांनी काम केलं होतं, त्यांच्या नावाने खडक ओळखला जावा असं एक म्हणणं. विवेकानंदांच्या नावाने असं दुसरं. दोन्ही नावांच्या कितीतरी आधीचं नाव खडकावरच उमटलेलं आहे.

तो वाद शांतपणे सोडवून स्मारक उभं केलं ते एका मराठी माणसाने. एकनाथ रानडे, जन्म अमरावती जिल्ह्यातल्या टिमटाळ्याचा, १९१४. मद्रास सरकार सुरुवातीला एका पाटीपलीकडे स्मारकाला तयार नव्हतं. रानड्यांनी दिल्लीत तीन दिवसांत सर्व पक्षांच्या ३२३ खासदारांच्या सह्या गोळा केल्या. मग छोट्याशा स्मारकाला होकार मिळाला, पुढे त्याचा आकार वाढत गेला. पैसा देशभरातून, एकेका रुपयाच्या देणगीनेसुद्धा. खर्च सव्वा कोटीच्या वर. २ सप्टेंबर १९७० ला राष्ट्रपती व्ही. व्ही. गिरी यांच्या हस्ते उद्घाटन झालं. मंडपातला विवेकानंदांचा उभा पुतळा समोर श्रीपादाकडे बघतो, हे पाहण्यासाठी दोन्ही मंडपांच्या मधल्या चौकात मागे वळून उभं राहा. आतमध्ये फोटो काढायला बंदी आहे. खाली ध्यानमंडप आहे, अंधार, समोर फक्त ॐ. गप्प बसून पंधरा मिनिटं तरी द्या. सकाळच्या पहिल्या फेऱ्यांत आलात तर ही शांतता मिळते. अकराला आलात तर पायांचा आवाज, कुजबुज आणि रखवालदाराची शिट्टी.

चपला काढाव्या लागतात आणि दगड अकरानंतर सणसणून तापतो. पायमोजे घालून जा. वाऱ्याने टोप्या उडतात, साडीचा पदर आणि ओढणी खोचून घ्या. सावली मंडपांतच. एकूण दीड-दोन तास पुरतात.

पूल आणि तिरुवळ्ळुवर

शेजारच्या खडकावर तिरुवळ्ळुवरांचा दगडी पुतळा आहे, १ जानेवारी २००० ला उभा राहिला. व्ही. गणपती स्थपती यांनी घडवलेला. १३३ फूट उंची मोजून ठरवली आहे: तिरुक्कुरळ या त्यांच्या काव्यग्रंथाच्या अध्यायांची संख्या १३३. त्यातले पहिले ३८ धर्माचे, म्हणून चौथरा ३८ फुटांचा. उरलेले ९५ अर्थ आणि काम यांचे, म्हणून मूर्ती ९५ फुटांची. धर्माच्या पायावर बाकीचं उभं, हे दगडात सांगितलं आहे. हे माहीत नसलं तर मोठा पुतळा एवढंच दिसतं.

पूर्वी इथे यायला बोटीची दुसरी उतरण लागायची आणि ओहोटीला ती हमखास रद्द व्हायची. अर्धे लोक पुतळा लांबूनच पाहून परतत. ३० डिसेंबर २०२४ ला दोन्ही खडकांना जोडणारा काचेचा पूल सुरू झाला, ७७ मीटर लांब, १० मीटर रुंद. या सेवेत गेल्या पंचवीस वर्षांत झालेली ही सगळ्यात मोठी सुधारणा, आणि आमच्या मते काचेमुळे नव्हे, ओहोटीचा अडसर गेल्यामुळे. काचेचा पट्टा मधोमध आहे, ज्यांना खाली पाणी पाहून गरगरतं त्यांनी कडेच्या बाजूने चालावं. सेल्फीसाठी माणसं मध्येच थांबतात, त्यामुळे गर्दीच्या दिवशी सत्तर मीटरला पंधरा मिनिटं लागतात. पुतळ्याच्या चौथऱ्यातून आतल्या पायऱ्या चढून मूर्तीच्या पायांपर्यंत जाता येतं. पायऱ्या उंच आहेत, गुडघेदुखी असलेल्यांनी टाळलेलं बरं.

सूर्य, चंद्र आणि ध्रुव

बोट आठला सुरू होते, त्यामुळे खडकावरून सूर्योदय दिसत नाही. तो किनाऱ्यावरून पाहायचा. इथे सूर्य वर्षभर सहा ते पावणेसातच्या दरम्यान उगवतो, ऋतूप्रमाणे फार फरक पडत नाही. पण सूर्यास्ताच्या जागेत पडतो. हिवाळ्यात सूर्य नैऋत्येला, उघड्या समुद्रात बुडतो. एप्रिल ते ऑगस्ट तो वायव्येकडे सरकतो आणि पश्चिमेकडच्या किनाऱ्याच्या जमिनीआड जातो. म्हणून मे महिन्याच्या सुट्टीत समुद्रातला सूर्यास्त पाहायला येणारे निराश होतात. चैत्री पौर्णिमेला एकीकडे सूर्य मावळताना दुसरीकडे चंद्र उगवतो म्हणून गर्दी उसळते. चंद्र-सूर्याचा हा खेळ खरं तर प्रत्येक पौर्णिमेला असतो. फेब्रुवारीतली पौर्णिमा निवडा, खोल्याही मिळतात.

मार्को पोलोने तेराव्या शतकात लिहून ठेवलं की कोमारीहून समुद्रात काही अंतर गेलं की ध्रुवतारा पाण्याच्या वर हातभर दिसतो. त्याच्या आधी सुमात्राकडच्या प्रवासात तो दिसेनासा झाला होता. हिशेब बरोबर आहे. आठ अंश अक्षांशावर ध्रुव क्षितिजापासून आठच अंश वर, हात लांब करून धरलेल्या मुठीपेक्षाही कमी. पुण्यात तो साडेअठरा अंशांवर बघायची सवय असलेल्यांना तो इथे इमारतींच्या आड सापडतच नाही.

राहायला गावात भरपूर जागा आहेत. शांतता हवी असेल तर गावापासून दीड-दोन किलोमीटरवर विवेकानंद केंद्राचा विवेकानंदपुरम परिसर पाहा. स्वतःचा समुद्रकिनारा, पूर्वेला तोंड करून सूर्योदय, आणि तिथेच एकनाथजींची समाधी. देवळाजवळचं गांधी मंडप १९५६ चं आहे, छताच्या भोकातून २ ऑक्टोबरला दुपारी सूर्यकिरण गांधीजींचा अस्थिकलश ठेवला होता त्या जागेवर पडतो. अर्धा तास पुरे.

यायला पुण्याहून थेट कन्याकुमारी एक्स्प्रेस आहे, दीड दिवस घेते. कोकणवासीयांना नेत्रावतीने तिरुवनंतपुरम गाठून पुढे नागरकोईलची गाडी किंवा बस सोपी. नागरकोईलहून सारख्या बस सुटतात. बसच्या पाटीवर 'कन्नियाकुमरी' असं लिहिलेलं असतं, केप शोधू नका.

परतीच्या बोटीबद्दल एवढंच: शेवटची बोट चारची म्हणजे खडकाकडे जाणारी शेवटची. त्या बोटीने गेलात तर श्रीपाद मंडपाकडे बघायलाही वेळ मिळत नाही, कारण परतीसाठी धक्क्यावर लागलीच हाकाटी सुरू होते.